घोडा, लांडगा, हंस, चित्ता

कॅरल बॅलर्ड हे नाव आपल्याकडे फारसं कुणाच्या तोंडी नाही. 'ब्लॅक स्टॅलियन' म्हटलं की "तो काळ्या घोड्याचा ना?" एवढी ओळख पटते. पुढे बाई की बुवा हा प्रश्न. बुवा. जन्म १९३७चा, लॉस एंजेलिसचा. वाढला लेक टाहोच्या काठी. यूसीएलएमध्ये सिनेमा शिकताना फ्रान्सिस फोर्ड कोपोला बरोबरीला होता. कोपोला 'गॉडफादर' करून कुठल्या कुठे गेला. बॅलर्ड माहितीपट करत राहिला. त्यातला 'हार्वेस्ट' (१९६७) ऑस्करच्या नामांकनापर्यंत पोचला, पण नामांकनावर घर चालत नाही. पहिला मोठा सिनेमा हातात पडला तेव्हा चाळिशी आली होती, आणि तोही जुन्या मित्रानं, कोपोलानंच, दिलेला.

१९७९ ते २००५ या २६ वर्षांत त्याचे मोठे सिनेमे फक्त सहा. चार प्राण्यांचे: घोडा, लांडगा, हंस, चित्ता. उरलेले दोन म्हणजे 'नटक्रॅकर' हा बॅले आणि 'विंड' ही शिडाच्या होड्यांच्या शर्यतीची गोष्ट. 'नटक्रॅकर'मध्ये उंदरांचा राजा आहे, पण तो धरायचा नाही.

*

त्याआधीचं थोडं. १९६९मध्ये त्यानं एक छोटी फिल्म केली, 'द पेरिल्स ऑफ प्रिसिला'. हरवलेल्या मांजराची गोष्ट, मांजराच्या नजरेतून. कॅमेरा जमिनीपासून वीतभर उंचीवर. त्याच सुमाराची 'रोडिओ' ही बैलावर बसणाऱ्यांची फिल्म. नियम असा की एका हातानं दोर धरायचा, दुसरा हात कशालाही लावायचा नाही आणि ८ सेकंद टिकायचं. बॅलर्ड ते ८ सेकंद ताणून ताणून दाखवतो. बैलाच्या पाठीचा प्रत्येक हिसका माणसाच्या मानेपर्यंत कसा पोचतो ते दिसतं.

या दोन फिल्म शेजारी ठेवल्या की पुढचा सगळा बॅलर्ड त्यात आहे. एकीकडे प्राण्याच्या उंचीवर उतरणं, दुसरीकडे त्याच्या ताकदीपुढे माणसाची होणारी फरपट. प्रेमाचा शब्द दोन्हींत नाही.

*

'ब्लॅक स्टॅलियन'चा बेटावरचा भाग.

गोष्ट १९४६ची. वाल्टर फार्लीची मूळ कादंबरी १९४१ची, अमेरिकन मुलांच्या दोन-तीन पिढ्यांनी वाचलेली. जहाज बुडतं. अ‍ॅलेक नावाचा मुलगा आणि एक रानटी काळा घोडा एवढेच वाचतात. दोरी हाताला गुंडाळून मुलगा घोड्यामागे ओढला जातो आणि किनाऱ्याला लागतो. घोड्यानं त्याला वाचवलेलं नाही. घोडा स्वतःचा जीव घेऊन पोहत होता आणि दोरीच्या टोकाला हा होता. पुढे तोच घोडा त्याच दोऱ्यांत खडकांमध्ये अडकतो तेव्हा मुलगा सुरीनं दोऱ्या कापतो. घोडा आभार मानायला थांबत नाही. उधळतो, जातो.

मग जवळजवळ अर्धा तास कुणी काही बोलत नाही. चित्रीकरण सार्डिनियाच्या किनाऱ्यावर झालं, कॅमेरा कॅलेब डेशानेलचा. या अर्ध्या तासात एक लांबलचक दृश्य आहे. मुलाच्या हातात समुद्रशेवाळ. उपाशी तो आहेच, घोडाही आहे. तो शेवाळ पुढे करतो. घोडा चार पावलं येतो, मान लांबवतो, नाकपुड्या फुलवतो, मागे सरतो. पुन्हा येतो. पुन्हा सरतो. कॅमेरा लांब, खूप लांब. चेहरे जवळून बघण्याची सोयच नाही. दुसरा कुणीही दिग्दर्शक इथे चार वेळा कट मारून मुलाचे पाणावलेले डोळे दाखवता. बॅलर्ड आपल्याला लांबच उभं करतो, कारण जवळ गेलो तर घोडा बुजेल. बघणाऱ्यालाही तिथे शिस्त लागते. आपणही श्वास रोखून, न हलता बघायला लागतो.

शेवटी घोडा खातो.

त्यानंतर पाण्यातली दृश्यं. कॅमेरा पाण्याखाली, वर चमकता पृष्ठभाग आणि घोड्याचे चार पाय पाणी कापतायत. मुलगा पाठीवर बसायचा पहिला प्रयत्न पाण्यातच करतो. पडला तरी लागत नाही, आणि खोल पाण्यात घोडा उसळू शकत नाही. घोडा शिकवणाऱ्या कुणालाही पटेल अशी युक्ती. पण सिनेमा ती समजावून सांगत नाही, मुलगा नुसती करतो.

*

बेटावर एकच गोष्ट खटकते: नाग. झोपेतून उठलेल्या मुलासमोर फणा काढून बसतो आणि घोडा येऊन त्याला तुडवतो. इथे पाच मिनिटांसाठी आपण 'तेरी मेहरबानियाँ'त जाऊन येतो.

'हाथी मेरे साथी' (१९७१) आणि 'तेरी मेहरबानियाँ' (१९८५) या दोन्हींना मी नावं ठेवत नाही. रामू हत्ती मेला तेव्हा सगळं थेटर रडत होतं, हे मोठ्यांकडून ऐकलेलं आहे. पण त्या सिनेमांत प्राणी माणूस होतो. हत्ती मालकाच्या संसाराची काळजी वाहतो, कुत्रा सूड घेतो. माणसाचे सगळे गुण प्राण्याला चिकटवायचे आणि मग "बघा, माणसापेक्षा बरा" म्हणायचं. बॅलर्डकडे गाडी उलटी जाते. प्राणी आहे तसाच राहतो. माणसाला आपली चाल, आपलं खाणं, आपला आवाज बदलावा लागतो.

*

पडद्यावरचा एक घोडा म्हणजे प्रत्यक्षातले अनेक. मुख्य काम टेक्ससच्या कॅस ओले या अरबी घोड्याचं. त्याच्या अंगावर पांढऱ्या खुणा होत्या, त्या काळ्या रंगानं झाकल्या. मारामारीला दुसरा घोडा, पोहायला आणखी दुसरे. त्यांना तयार केलं कॉर्की रँडलनं. त्याचे वडील ग्लेन रँडल म्हणजे काउबॉयपटांतल्या रॉय रॉजर्सचा ट्रिगर हा घोडा आणि 'बेन-हर'मधले रथाचे घोडे शिकवणारा माणूस. घरात दोन पिढ्या घोड्यांच्या.

म्हणजे ज्या मैत्रीनं आपण गहिवरतो ती मैत्री खाऊच्या मोबदल्यात, चार-पाच जनावरांच्या अंगावरून, कात्रीनं जोडलेली. हे कळल्यावर मजा जाते का? माझी गेली नाही. उलट कळलं की त्या लांबच्या, न तुटणाऱ्या शॉटचं मोल काय आहे. कात्री चालवायची सगळी मुभा असताना नेमक्या जागी त्यानं ती खाली ठेवली.

मुलाचं काम करणारा केली रिनो हा कोलोरॅडोतल्या गुरांच्या फार्मवर वाढलेला. त्याला अभिनय आधी येत नव्हता, घोड्यावर बसता येत होतं. निवड त्यावर झाली. अभिनय शिकवता येतो, भीती नसणं शिकवता येत नाही.

*

आवाज. अ‍ॅलन स्प्लेट हा डेव्हिड लिंचचा ध्वनिसंयोजक. 'इरेझरहेड'मधली ती अंगावर येणारी यंत्रांची घरघर त्याचीच. बॅलर्डनं त्याला घोड्यासाठी घेतलं. त्यानं घोड्याच्या पोटाशी मायक्रोफोन बांधून त्याला पळवलं. शर्यतीत आपल्याला टापांच्या बरोबरीनं घोड्याचा श्वास ऐकू येतो, आतून आल्यासारखा. लोहाराचा भाता चालावा तसा.

या कामासाठी स्प्लेटला १९८०च्या ऑस्कर सोहळ्यात विशेष पुरस्कार मिळाला आणि तो घ्यायला हा माणूस आलाच नाही. सूत्रसंचालक जॉनी कार्सन रात्रभर त्याच्यावर विनोद करत राहिला: स्प्लेट निघालाय, स्प्लेट वाटेत आहे. अमेरिकेतल्या लाखो लोकांना एका ध्वनिसंयोजकाचं नाव कळलं ते असं.

*

सिनेमा तयार झाल्यावर युनायटेड आर्टिस्ट्सच्या अधिकाऱ्यांना तो पसंत पडला नाही. मुलांचा म्हणावा तर संथ, मोठ्यांचा म्हणावा तर त्यात घोडा. १९७७मध्ये चित्रित झालेला सिनेमा १९७९मध्ये लागला आणि चालला. त्यात घोडा तयार करून देणाऱ्याचं काम करणाऱ्या मिकी रूनीला सहायक अभिनेत्याचं ऑस्कर नामांकन मिळालं. या रूनीनं १९४४च्या 'नॅशनल व्हेल्वेट'मध्ये कोवळ्या एलिझाबेथ टेलरला घोडा तयार करायला मदत केली होती. पस्तीस वर्षांनी पुन्हा तेच काम, या वेळी पोट सुटलेलं आणि तबेला रिकामा. निवड करणाऱ्याला दाद द्यावी.

२००२मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदणीत 'ब्लॅक स्टॅलियन' जतन करायच्या सिनेमांत गेला. उशीर झाला, पण गेला.

सिनेमाच्या दुसऱ्या अर्ध्याबद्दल फार लिहिण्यासारखं नाही. शर्यत, जिंकणं. चांगलं आहे, पण बेटावरून परत आल्यावर सगळंच थोडं अरुंद वाटतं. मला वाटतं, बॅलर्डलाही वाटत असावं. शेवटच्या शर्यतीत, ऐन भरात, तो पुन्हा त्या किनाऱ्याची आठवण आणतोच.

*

'ब्लॅक स्टॅलियन'ची पटकथा लिहिणाऱ्या तिघांत मेलिसा मॅथिसन होती. तिनंच पुढे 'ई.टी.' (१९८२) लिहिला. एकटा मुलगा, न बोलणारा परका जीव, आणि दोघांच्या मध्ये खायला ठेवलेलं काहीतरी. शेवाळाच्या जागी गोळ्या आल्या, एवढंच.

*

'नेव्हर क्राय वूल्फ' (१९८३). माझा आवडता. पैसा डिस्नेचा, पण डिस्नेपणा शोधून सापडत नाही.

फार्ली मोवॅट या कॅनेडियन लेखकाचं पुस्तक १९६३चं. टायलर नावाचा चष्मिस संशोधक उत्तर ध्रुवाकडच्या बर्फात एकटा सोडला जातो. सरकारला सिद्ध करून हवंय की कॅरिबू, म्हणजे तिकडची सांबरासारखी रानटी हरणं, लांडग्यांमुळे कमी होतायत. त्यानं एक लांडगा मारून त्याच्या पोटात काय आहे ते बघायचं. विमान त्याला गोठलेल्या तळ्यावर उतरवतं, खोक्यांचा ढीग टाकतं आणि निघून जातं. त्या ढिगाजवळ बसलेला माणूस, हातात सरकारी कागद, चहूकडे पांढरं. कुठल्याही खात्यात पहिली बदली आडगावी झालेल्या माणसाला हे दृश्य वेगळं समजवावं लागणार नाही.

मग लांडगे येतात. त्यांना तो काय, त्याचा तंबू काय, काही पडलेलं नाही. त्यांच्या नेहमीच्या वाटेवर तो बसलाय. त्याला हद्द आखायची असते. लांडगा हद्द कशी आखतो हे त्यानं वाचलेलं असतं. मग हा चहाच्या किटल्यांवर किटल्या रिचवतो आणि तंबूभोवती मोठा वेढा घालून जागोजागी लघवी करत हिंडतो. सबंध दिवस जातो, माणूस अर्धमेला होतो. थोड्या वेळानं नर लांडगा येतो, सगळ्या खुणा शांतपणे हुंगतो आणि त्यांच्या कडेनं आपल्या खुणा सहज करत निघून जातो. थेटरात हशा येतो. पण ही हद्द पुढे दोघंही पाळतात.

त्याच्या लक्षात येतं की उन्हाळ्यात हे लांडगे उंदरांवर जगतायत. एवढं मोठं जनावर उंदरांवर जगेल का? मग आपणच खाऊन बघायचं. उंदराचं सूप, पावावर उंदीर, शेपटीसकट. तंबूतले जिवंत उंदीर बसून बघतायत. चार्ल्स मार्टिन स्मिथ हा नट इथे एका शब्दाशिवाय जे करतो ते पाहण्यासारखं आहे. घास तोंडाशी नेताना त्याच्या डोळ्यांत आधी किळस असते, मग जिद्द, मग संशोधकाची नुसती उत्सुकता.

पुढे कॅरिबूंचा कळप येतो आणि तो कपड्यांशिवाय त्या हजारो जनावरांमधून धावत सुटतो. हे लिहून सांगितलं की बावळट वाटतं. बघताना वाटत नाही. सिनेमानं तोवर त्याच्या अंगावरचा एकेक थर उतरवलेला असतो; कपडे शेवटचे. कळपाला गाठून लांडग्यांनी पाडलेल्या कॅरिबूचं हाड तो फोडून बघतो. आतला मगज रोगट. लांडग्यांनी आजारी जनावर निवडलेलं असतं.

चित्रीकरण युकॉन आणि अलास्कात झालं, लांबत लांबत दोनेक वर्षं चाललं. लांडगे शिकवलेले होते, पण लांडगा फार शिकत नाही.

*

इथे एक भांडण नोंदवून ठेवतो. मोवॅटच्या पुस्तकावर वन्यजीव अभ्यासकांनी तेव्हाच टीका केली होती: यानं स्वतः पाहिलेलं किती आणि रचलेलं किती? लांडगा प्रामुख्यानं उंदरांवर जगतो हे त्यांना मान्य नव्हतं. तो मोठी जनावरं मारतोच, आणि नेहमी आजारीच मारतो असं नाही.

मला वेगळी अडचण दिसते. लांडग्यानं उंदीरच खाल्ले पाहिजेत, तरच तो निर्दोष, हा कुठला न्याय? आपल्याकडे सुप्याच्या, सासवडच्या माळावर मेंढरं घेऊन हिंडणाऱ्या धनगराला लांडगा काय खातो ते कुणी सांगायला नको. त्याची कोकरं जातात. तो शिव्या घालतो, कुत्री पाळतो, रात्री वाघरीशेजारी जागतो. आणि तरी लांडगा त्या माळाचाच, हेही धरून चालतो. हे नातं मोवॅटच्या पुस्तकातल्यापेक्षा गुंतागुंतीचं आहे, आणि माझ्या मते जास्त खरं.

सिनेमा मात्र पुस्तकापेक्षा शहाणा निघाला. त्यात माइक नावाचा इनुइट तरुण आहे, तोंडात दात नाहीत. लांडग्याची कातडी विकली तर कवळी येईल. तो हे लपवत नाही. शेवटाकडे लांडग्यांची जोडी नाहीशी होते, पिल्लं बिळाशी उरतात. माइक भेटतो आणि हसतो. तोंडात नवे दात. टायलरजवळ त्याला द्यायला उत्तर नाही. बॅलर्डही देत नाही.

*

चार्ल्स मार्टिन स्मिथ पुढे स्वतः दिग्दर्शक झाला: 'एअर बड', 'डॉल्फिन टेल', 'अ डॉग्ज वे होम'. बास्केटबॉल खेळणारा कुत्रा, कृत्रिम शेपटीचा डॉल्फिन, घर शोधत येणारी कुत्री. उंदीर खाल्ल्याचा परिणाम असावा.

*

'फ्लाय अवे होम' (१९९६), हंसांचा.

आधी खरी हकिकत. बिल लिशमन हा कॅनडातल्या ओंटारिओचा शिल्पकार, जमिनीखाली घुमटांचं घर बांधून राहणारा. त्याला पक्ष्यांबरोबर उडायचं होतं. हंसाचं पिल्लू अंड्यातून बाहेर आलं की सुरुवातीच्या काळात समोर जे हलतं-बोलतं त्याला आई मानतं. कोनराड लोरेन्झनं यावर आयुष्य घालवलं आणि १९७३चं नोबेल मिळवलं. लिशमननं पिल्लांना स्वतःची आणि आपल्या अल्ट्रालाइट विमानाच्या आवाजाची सवय लावली. १९९३मध्ये तो आणि त्याचा साथीदार जो डफ १८ कॅनडा हंसांना घेऊन ओंटारिओहून व्हर्जिनियापर्यंत उडत गेले. पुढच्या वसंतात बरेचसे हंस आपणहून परत आले.

यात एक बारकावा आहे. हंसाला दक्षिणेला जायची ओढ जन्मजात असते, वाट नसते. वाट आईबाप दाखवतात, पहिल्या वर्षी, बरोबर उडून. आपल्याकडे हिवाळ्यात भिगवणला तिबेट-मंगोलियाकडून जे पट्टकदंब येतात तेही असेच, जुन्यांच्या मागे नवे. उलट चातक. त्याचं पिल्लू सातभाईंच्या घरट्यात वाढतं. सातभाई आपलं कुंपण सोडून कुठे जात नाहीत, आणि हे मात्र कुणी न सांगता, कुणाच्या मागे न लागता आफ्रिकेकडे निघतं. हंस पोरका झाला की वाटही जाते. चातक जन्मापासूनच पोरका आणि वाट त्याच्या अंगात.

सिनेमातल्या एमीची आई न्यूझीलंडमध्ये अपघातात जाते. मुलीला कॅनडात, जवळजवळ अनोळखी बापाकडे यावं लागतं. बुलडोझरनं उद्ध्वस्त केलेल्या झाडीत तिला अंडी सापडतात. आईच्या जुन्या कपड्यांत गुंडाळून ती खणात ठेवते, वर दिवा लावते. १६ पिल्लं होतात. बाप विमान उडवू शकतो, पण पिल्लं बापामागे जात नाहीत, तिच्यामागे जातात. म्हणून तिलाच उडायला शिकावं लागतं. पटकथा या एका अडचणीवर उभी आहे आणि ही अडचण निसर्गातूनच आलेली आहे, लेखकाच्या डोक्यातून नाही. म्हणून ती इतकी घट्ट बसते.

वन खात्याचा माणूस नियमाप्रमाणे पंख छाटायला येतो. बाप त्याला घराबाहेर काढतो. प्रसंग साधा, जरा ठोकळेबाज. खलनायक तसेच आहेत, बिल्डर वगैरे. त्यांच्यावर शाई घालवत नाही.

लक्षात राहतो तो बाल्टिमोरचा पल्ला. धुकं दाटलंय, मुलगी विमानात, मागे हंसांची रांग, आणि अचानक दोन्ही बाजूंना काचेच्या इमारती. आत माणसं कामाला बसलेली, एकेकजण उठून खिडकीशी येतो. कॅलेब डेशानेल पुन्हा कॅमेऱ्यावर. या सिनेमानं त्याला ऑस्करचं नामांकन मिळवून दिलं. 'ब्लॅक स्टॅलियन'साठी ते मिळालं नव्हतं, ही त्या काळातल्या अकादमीची कमाल.

*

त्याच लिशमन-डफच्या धडपडीतून ऑपरेशन मायग्रेशन ही संस्था निघाली. हूपिंग क्रेन, उत्तर अमेरिकेतला सर्वांत उंच पक्षी, १९४०च्या दशकात जेमतेम वीसेक उरला होता. २००१पासून या क्रौंचांच्या पिल्लांना विस्कॉन्सिनहून फ्लोरिडाला विमानामागे नेणं सुरू झालं.

पण इथे एमीसारखं चालणार नव्हतं. या पिल्लांना माणूस कळताच कामा नये. वैमानिक पायघोळ पांढरा झगा घालत, चेहरा झाकत, हातात क्रौंचाच्या डोक्याची बाहुली धरून भरवत. पिल्लांसमोर बोलायचं नाही. विमानाला मागे लागू दे, माणसाला नको. २०१५च्या शरद ऋतूत शेवटची फेरी झाली. मग अमेरिकेच्या वन्यजीव खात्यानं हे थांबवलं. असे वाढवलेले पक्षी तग धरत, दक्षिणेला जाऊन परतही येत, पण स्वतःची पिल्लं मोठी करणं त्यांना नीट जमत नव्हतं. माणसाचा हात जितका कमी तितकं बरं, असा खात्याचा निष्कर्ष.

वाट शिकवता आली, आईपण नाही. 'फ्लाय अवे होम' पुन्हा बघताना हे डोक्यातून जात नाही. १६ हंस वसंतात परत येतात, असं शेवटी पडद्यावर सांगितलं जातं. येतात ते कुणाकडे? मुलीकडे. जंगली पक्ष्यासाठी ती चांगली बातमी आहे का, हे बॅलर्ड विचारत नाही. बाकीच्या तीन सिनेमांत तो इतका मऊ होत नाही.

*

'डूमा' (२००५). दक्षिण आफ्रिका. झॅन नावाचा मुलगा आणि त्याच्या वडिलांना रस्त्यात सापडलेलं चित्त्याचं पोरकं पिल्लू. ते शेतावर वाढतं. वडील आजारानं जातात, शेत सुटतं, शहरात यावं लागतं, आणि शहरात वाढलेला चित्ता कोण ठेवून घेणार? मुलगा त्याला मोटरसायकलच्या साइडकारमध्ये बसवून वाळवंट पार करून सोडायला निघतो. वाटेत रिपकुना भेटतो, मोडलेल्या विमानात राहणारा. वाचवील की विकील, याचा बराच वेळ पत्ता लागत नाही. तो सिनेमातला सर्वांत चांगला माणूस आहे, कारण तो चांगला आहे की नाही हेच कळत नाही.

चित्ता डरकाळी फोडत नाही. तो पाखरासारखा चिवचिवतो आणि खूश झाला की मांजरासारखा गुरगुरतो. डिस्नेवाल्यांनी तिथे वाघाचा आवाज टाकला असता. बॅलर्ड चिवचिवाटच ठेवतो.

घरात वाढलेल्या चित्त्याला शिकार येईल का, हा सगळ्या प्रवासाचा प्रश्न. आपल्याकडे याचं उत्तर फार पूर्वीपासून माहीत होतं. चित्ते पाळून त्यांच्याकडून काळवीट धरवायचे, हा राजेरजवाड्यांचा खेळ. डोळ्यांवर टोपी चढवलेला चित्ता गाडीवरून न्यायचा, कळप दिसला की टोपी काढायची. कोल्हापूर संस्थानात ही शिकार विसाव्या शतकातही चालली. देशी चित्ते मिळेनासे झाले तेव्हा आफ्रिकेतून आणले जात. पण पिल्लं पकडून वाढवत नसत. धरायचा तो मोठा चित्ताच, कारण शिकार त्याला आईनं शिकवलेली असते. आणि पिंजऱ्यात चित्ते वीत नसत. जहांगीरनं असं एखादं वेत झाल्याची अपूर्वाई लिहून ठेवली आहे. म्हणजे संस्थानिकाचा प्रत्येक चित्ता रानातून उणा झालेला. १९४७मध्ये कोरिया संस्थानाच्या महाराजांनी तीन मारले, १९५२मध्ये देशातून चित्ता संपल्याचं जाहीर झालं. २०२२मध्ये नामिबियाहून आठ, पुढच्या वर्षी दक्षिण आफ्रिकेहून बारा, मध्य प्रदेशातल्या कुनोत आणले गेले. तेव्हा बातम्यांत जे गळ्यात पट्टा, कुंपण, सोडणं, पुन्हा धरणं असं चाललं होतं, ते वाचताना झॅन आणि त्याची साइडकार आठवत होती. मुलाकडे पट्टा नव्हता, समिती नव्हती. त्याच्याकडे बापाला दिलेला शब्द होता, आणि सिनेमात शब्दावर काम भागतं.

*

'डूमा' वॉर्नर ब्रदर्सनं मनापासून लावलाच नाही. दोन-तीन शहरांत चाचणीपुरता लावून बघितला, गर्दी झाली नाही, की गुंडाळायच्या बेतात. शिकागोचा समीक्षक रॉजर इबर्ट त्यासाठी भांडला, म्हणून आणखी काही ठिकाणी लागला. मुलांचा सिनेमा म्हणजे बोलणारे प्राणी, असं तोवर ठरून गेलं होतं. न बोलणारा चित्ता कुणाला विकायचा?

त्यानंतर बॅलर्डचा सिनेमा आला नाही. हट्टी माणूस, हवा तसा उजेड येईपर्यंत बसून राहणारा. पैसे लावणाऱ्यांना असा माणूस परवडत नाही, हेही खरं.

*

मुलांना दाखवायचे असतील तर क्रम असा ठेवावा. आधी 'फ्लाय अवे होम', कारण तो लगेच धरून ठेवतो. पण सुरुवातीचा अपघात लहानग्यांना जड जाईल, शेजारी बसावं. मग 'डूमा'. 'ब्लॅक स्टॅलियन' मोठ्या पडद्यावर, आवाज मोठा ठेवून, मोबाइल दुसऱ्या खोलीत ठेवून. लॅपटॉपवर तो अर्धा तास फुकट जातो. 'नेव्हर क्राय वूल्फ' दहा-बारा वर्षांच्या पुढच्यांना, आणि जेवणं आटोपल्यावर.